दक्षिणमुखी मॅमथ

लग्नाला वर्ष झालं नव्हतं, बीएस्सीच्या सर्टिफिकेटची शाई ओली होती आणि द्वारका चौकाजवळच्या आमच्या कॉलनीत विज्ञान मीच आणलं, अशी माझी प्रामाणिक समजूत होती. गणपतीत देखाव्यांची स्पर्धा असे. पहिलं बक्षीस दर वर्षी शेजारच्या कॉलनीला. मी मंडळात ठणकावलं, "यंदा मॅमथ करू. बक्षीस हुकलं तर पुढच्या वर्षी मी मुकाट्याने सगळ्यांचे मोदक वळीन." मोदक मला येत नव्हते. म्हणजे इज्जतच पणाला लावली होती म्हणा ना!

बांबूच्या सांगाड्यावर फाटक्या गाद्यांतला काथ्या चिकटवून केस केले, पाठीवर चरबीचं वशिंड, पुढे गोल वळलेले सुळे. कान मात्र चिमुकले.

सासूबाई थबकल्या. "अगं, एवढ्याशा कानांनी हा काय ऐकणार?"

"आई, बर्फातला प्राणी आहे. मोठ्या कानांतून अंगाची ऊब जाते."

"मग कानटोपी घालायची!"

मी पाटी लावली : 'आपल्या हत्तीचे पूर्वज'. वर माइकवरून भाषण ठोकलं, की हवामान पालटलं, माणसाने शिकार केली आणि बिचारे निवर्तले. 'निवर्तले' शब्द मला फारच भारदस्त वाटला.

परीक्षक यायच्या आधी मी साडी बदलायला घरी गेले. परत येते तो मॅमथची पाठ रस्त्याकडे, गळ्यात चंदनाचा हार!

"पूर्वज तूच म्हणालीस, निवर्तले तूच म्हणालीस," सासूबाई शांतपणे म्हणाल्या. "गेलेल्यांना कुणी देवाशेजारी बसवतं का? तोंड दक्षिणेला केलंय."

वळवायला वेळच नव्हता. परीक्षकांनी तो काथ्याचा डोंगर बराच वेळ न्याहाळला. एक म्हणाले, "ताई, कडब्याची गंजी झकास. बैल कुठाय?"

ग्रामीण देखावा म्हणून उत्तेजनार्थ मिळालं.

परवा हे ऐकून कॉलेजातली नात पोट धरून हसली. "आजी, मॅमथ आपल्या हत्तीचा पूर्वज नाहीच! चुलत भाऊ. आफ्रिकेतल्या हत्तीपेक्षाही जवळचा. आणि पिरॅमिड बांधले तेव्हासुद्धा एका बेटावर थोडे जिवंत होते."

म्हणजे पाटीवर नुसतं 'चुलत भाऊ' लिहिलं असतं, तर सासूबाईंनी त्याला बाप्पाशेजारी पाट दिला असता, थंडीतून आलाय म्हणून चहासुद्धा विचारला असता. बक्षीस आमचंच होतं हो!

शब्दाप्रमाणे पुढच्या वर्षी वळायला घेतलेले मोदक अजून वेडेवाकडेच होतात. नात म्हणते, "आजी, वशिंड छान आलंय."