जिवलीचा झिरा

आमच्या नदीला कागदावर नाव आहे म्हणे. तलासरीच्या कचेरीत भिंतीला नकाशा लावलाय, त्यात निळ्या रेघेवर ते लिहिलंय, असं माझी भाची निलम सांगते. आम्ही नुसतं नदी म्हणतो. एकच तर आहे, तिला हाक मारायला नाव कशाला लागतं? पावसात अंगावर येते, दिवाळीला गुडघ्याएवढी होते आणि होळी पेटेपर्यंत तिची चार डबकी उरतात. मग प्यायच्या पाण्यासाठी वाळूत झिरे खणायचे. या काठाला वेवजीची आमची घरं, त्या काठाला हिराबाईचा पाडा, आणि बायका दोन्हीकडच्या त्याच वाळूत उतरतात.

जिवली माझी भावजय, रानशेतची. माझ्या धाकट्या भावाने, रघ्याने, तिला आणली तेव्हा मी सगळ्यांदेखत म्हटलं होतं, ही काटकुळी काय पाणी वाहणार. मी तोंडाची फटकळच आहे, लपवून काय करू? पण झिरा खणावा तो जिवलीनेच. करंजाच्या झाडासमोर वाळूवर ती अनवाणी उभी राहायची, दोन पावलं इकडे, दोन तिकडे, आणि टाचेने खूण करायची. तिथे हातभर खणलं की पाणी. वाळू ढासळू नये म्हणून रघ्याने बूड काढलेली बांबूची टोपली विणून दिली होती, ती खड्ड्यात उतरवायची. गढूळ पाणी करवंटीने उपसून फेकायचं, आणि मग बसून राहायचं. जिवलीइतकं गप बसून राहणं मी कुणाचं पाहिलं नाही. पाणी निवळेपर्यंत ती पापणीसुद्धा हलवायची नाही.

झिऱ्याची आमच्याकडे एक रीत आहे. खणेल तिचा झिरा. तिने भरून घेतलं की मग बाकीच्यांनी भरायचं. पहिला हंडा नवऱ्याच्या बहिणीच्या दारात ठेवायचा, तो तिचा मान. आणि घरात कुणी गेलं, तर गेलेल्याच्या रक्ताच्या माणसाने तो झिरा वाळूने बुजवायचा, वर तीन दगड ठेवायचे. वर्ष फिरेपर्यंत त्या जागी कुणी खणत नाही. त्या घराच्या पाण्याला विसावा द्यायचा, असं आमची आई म्हणायची. सांगावा धाडावा लागत नाही. पलीकडच्या बायका पाण्याला येतात, दगड बघतात, आणि पदरात तांदूळ बांधून रडायला येतात.

दोन हजार चौदा साली भात लावून झाल्यावर रघ्या बोटीवर खलाशी म्हणून गेला, गुजरातच्या एका बंदरात. आमच्याकडचे पुष्कळ जातात, उन्हाळ्याच्या शेवटी परत येतात. पुढच्या माघात खबर आली की समुद्रात हद्द चुकली आणि पलीकडच्या देशाने बोट धरून नेली. बोट हाकणारा तांडेल, खलाशी, सगळे जेलात. मला काही कळेना. पाण्यात हद्द कुणी आणि कशी आखली? आमच्या नदीत तर दोन गावांची शीव आहे, पण हिराबाईचं डुक्कर रोज ओलांडून येतं, त्याला कुणी धरत नाही.

जिवली रडली नाही. होळी झाली, झिरा खणला, पहिला हंडा माझ्या दारात आणून ठेवला. मग रघ्याचा फोटो पदरात गुंडाळून कचेरीत जाऊ लागली. महिन्यातून एकदा, पायी जायची अन पायी यायची. तिथे नावांची यादी असायची. यादीत रघ्याचं नाव सापडलं की परत. एवढंच काम.

दिवाळीला त्याचं पत्र आलं. रघ्याला लिहिता येत नाही, कुणाकडून तरी हिंदीत लिहून घेतलेलं. त्यांची लेक निलम तेव्हा पंधराची होती, तिने वाचलं. मी बरा आहे, डाळ मिळते, पुष्पाबायला, म्हणजे मला, सांगणे, निलमला शाळेतून काढू नये. आणि शेवटी, यंदा झिऱ्याला पाणी किती हातावर लागलं? जिवलीने ती शेवटची ओळ तीनदा वाचून घेतली. त्याचं उत्तर कुठे पाठवायचं ते कुणालाच ठाऊक नव्हतं. मग ती दर साली झिरा खणला की हाताने मोजायची आणि मला येऊन सांगायची, बाय, यंदा सव्वा हात. मी काय करू त्या सव्वा हाताचं?

त्यानंतर पत्र नाही. सोळा गेलं, सतरा गेलं. कचेरीत नवी यादी यायची बंद झाली. सतराच्या अखेरीला काही खलाशी सुटले, त्यात आमच्या वरच्या पाड्यावरचा भिका होता. हाडं आणि कातडी. आम्ही दोघी त्याच्याकडे गेलो. तो माझ्याकडे बघून बोलला, जिवलीकडे बघेचना. म्हणाला, रघ्याला खोकला लागला होता, रक्त पडायचं. एका सकाळी उचलून दवाखान्यात नेला. मी सुटलो तेव्हा त्याला चार महिने झाले होते, तोवर परत बराकीत आणला नव्हता.

"म्हणजे तिकडेच असेल," जिवली म्हणाली.

मी वाटेत तिला म्हटलं, जिवले, समजून घे. ती म्हणाली, "बाय, काय समजू? परत आणला नाय एवढंच तो बोलला." आणि चालत राहिली. मला तिचा संताप आला. माझा पाठचा भाऊ तो. त्याला मी कडेवर घेऊन ही नदी ओलांडलेली. मला त्याच्यासाठी मोकळं रडायचं होतं, आणि हिच्या हट्टापायी मला रडता येत नव्हतं. रडले तर हिच्या नवऱ्याला मारलं असं होणार. चार महिने मी ते रडणं आतच ठेवलं.

अठराच्या चैत्रात एके दिवशी मी बाजारातून परतत होते. नदी ओलांडताना बघितलं, तर वाळू उपसणारे येऊन गेलेले. ट्रॅक्टर करंजासमोरूनच नेला होता. जिवलीच्या झिऱ्यावरून चाक गेलेलं, खड्डा सपाट, आणि टोपलीच्या कामट्या मोडून वाळूत अर्ध्या दिसत होत्या. मी शिव्या घातल्या, ऐकायला कुणी नव्हतं. वर घरांकडून रडण्याचा आवाज येत होता.

हिराबाई आली होती, चार बायका घेऊन. दुपारी ती पाण्याला उतरली, जिवलीचा झिरा बंद दिसला, आणि तिने जे समजायचं ते समजलं. तिची चूक काय? तीन वर्षं दोन्ही काठ हेच बघायची वाट पाहत होते. दगड नव्हते, पण दगड कोण मोजतो? पदरात तांदूळ बांधून त्या आल्या, जिवलीच्या ओट्यावर बसल्या आणि गळा काढला. रघ्याचं नाव घेऊन रडत होत्या. जिवली उंबऱ्यात उभी होती, हाताला भाकरीचं पीठ. तिने मला येताना पाहिलं.

"बाय," ती म्हणाली, "झिरा तू बुजवलास?"

नाही म्हणायला एक शब्द लागत होता. ट्रॅक्टर म्हटलं असतं तरी पुरलं असतं. हिराबाई खजील होऊन उठली असती, तांदूळ परत घेऊन गेली असती, आणि जिवली दुसऱ्या दिवशी नवा झिरा खणायला बसली असती. मला हे सगळं तिथे उभ्या उभ्या दिसलं. आणि मी म्हटलं, "हो."

तिने विचारलं नाही, तुला कुणी सांगितलं. बहिणीने बुजवला म्हणजे बहिणीला खरं कळलं असणार, एवढंच तिने धरलं. हाताचं पीठ धुतलं आणि हिराबाईशेजारी जाऊन बसली. रडली मात्र मी. इतकी रडले की त्या बायकांनी मला धरलं. दिवस कलताना मी एकटी नदीत उतरले, चाकाच्या खुणा पायाने पुसल्या, मोडक्या कामट्या उपसून लांब फेकल्या आणि तीन दगड आणून ठेवले. खोटं बोलायचं तर नीट बोलावं, नाही का. हे मी आजपर्यंत कुणाला सांगितलं नव्हतं.

त्यानंतर जिवली कचेरीत गेली नाही. फोटो कुठे ठेवला ते विचारायची माझी छाती झाली नाही. काम करायची, जेवायची, बोललं तर बोलायची. सरत्या वर्षी जमीन हलायला लागली, डहाणू-तलासरी सगळीकडेच. एका दुपारी मोठा हादरा बसला, भांडी पडली, सगळा पाडा पोरंबाळं घेऊन अंगणात पळाला. जिवली चुलीपाशी भाकरी थापत होती, ती थापत राहिली. मी बाहेरून ओरडले, अगं मरशील. ती म्हणाली, "एवढी भाजून होऊ दे." मी तिला दंडाला धरून ओढलं. तिचा हात गार होता. तेव्हा मला कळलं मी काय केलंय. तिची वाट बघणं गेलं, आणि त्याच्याबरोबर ती पण कुठेतरी गेली.

खरं सांगायला तोंड उघडायचे आणि गिळायचे. आता सांगून काय, माणूस तर गेलेलाच आहे, असं स्वतःला समजवायचे.

एकोणीसची होळी झाली. वर्ष पुरं व्हायचं होतं, म्हणून जिवलीने झिरा खणला नाही. हिराबाईच्या झिऱ्यावर सगळ्यांच्या शेवटी जाऊन एक हंडा आणायची.

चैत्र संपत आला होता. सकाळची वेळ, मी डबक्यावर कपडे धूत होते. पलीकडच्या उतारावरून एक माणूस आला, हातात प्लास्टिकची पिशवी, अंगात त्याच्या मापाचा नसलेला शर्ट. कुणी सरकारी असेल म्हणून मी बघितलं नाही. तो वाळूतून सरळ करंजासमोर गेला आणि थांबला. मग मटकन खाली बसला, तीन दगडांपुढे.

बसण्यावरून ओळखला मी त्याला. लहानपणी पाय दुखले की असाच बसायचा. माझे कपडे पाण्यात गेले तिकडे मी पाहिलं नाही. मी जवळ जाऊन उभी राहिले, तरी त्याने मान वर केली नाही. दाढी पांढरी, मानेच्या शिरा वर आलेल्या. वाळू मुठीत घेत होता आणि सोडत होता.

"बाय," तो म्हणाला, "कधी गेली?"

"कोण?"

"जिवली."

मी म्हटलं, "जिवली घरी आहे रे. आत्ता चुलीपाशी सोडून आले तिला."

तो दगडांकडेच बघत होता. "मग निलम?"

"निलम कंपनीत गेली. संध्याकाळी येईल. धडधाकट आहे."

तेव्हा कुठे त्याने माझ्याकडे बघितलं. त्याच्या घरात तीनच माणसं. दोघींचं विचारून झालं होतं. मला वाटलं त्याचं त्याला कळेल, पण जेलातून दोन दिवस गाडीत बसून आलेल्या माणसाला कसं कळावं. त्याने विचारलंच, "मग हे कुणाचे?"

"तुझे," मी म्हटलं.

"कुणी ठेवले?"

"मी."

शिवी दिली असती, एखादा दगड उचलून मारला असता तर बरं झालं असतं. त्याने एकेक दगड उचलून बाजूला ठेवला, आणि हाताने वाळू उकरायला लागला. त्याला दम लागत होता. मी मदतीला वाकले, तर त्याने कोपराने मला सारलं. जोरात नाही, पण सारलं.

जिवली उतारावर आली होती, डोक्यावर रिकामा हंडा. ती तिथेच उभी राहिली. आधी त्याच्याकडे नाही, बाजूला ठेवलेल्या दगडांकडे बघितलं, मग माझ्याकडे. चार वर्षांचं आणि ह्या एका वर्षाचं सगळं त्या बघण्यात होतं, पण राग नव्हता. राग असता तर मी सोसला असता. ती खाली आली, हंडा टेकवला, त्याच्या समोर बसली आणि तीही उकरू लागली. टोपली नव्हती, वाळू सारखी ढासळत होती. दोघं एकमेकांना हातही लावत नव्हती. पाणी लागल्यावर तिने कोपरापर्यंत हात घातला.

"दीड हात," ती त्याला म्हणाली.

मग दोघं पाणी निवळायची वाट बघत बसली. मी कपडे गोळा करून वर आले.

सूर्य माथ्यावर आला तेव्हा माझ्या दारात आवाज झाला. जिवलीने पहिला हंडा आणून ठेवला होता, दर साली ठेवते तसा, नवऱ्याच्या बहिणीचा मान म्हणून. ठेवला आणि गेली. दुसऱ्या दिवशी निलम हंडा न्यायला आली, तेव्हा तो ठेवला होता तिथेच, भरलेलाच होता.