सिद्धनाथदादाचा कॅमेरा

माझा थोरला भाऊ सिद्धनाथ पुण्याला पुराव्याचा कायदा शिकवायचा. त्यावर त्याने जाडजूड पुस्तकंही लिहिली होती. तेहेतीस साली नोकरीवर पाणी सोडून सोलापूरला परत आला, तो काखोटीला सिनेमाचा कॅमेरा मारूनच. म्हणे, पुस्तकं लिहून कुणाचं भलं होत नाही, आता लोकांना डोळ्यांनी दाखवणार. आईने कपाळाला हात लावला. मी म्हटलं, मग लग्नाच्या वराती तरी टिप बाबा, जेवायला तरी मिळेल.

पण त्याला दाखवायची होती गावाबाहेरची तारेची वसाहत. जन्मानेच गुन्हेगार ठरवलेल्या लोकांना सरकारने तिथं कोंडलं होतं. दिवसा गिरणीत काम, संध्याकाळी हजेरी, पासाशिवाय बाहेर पाऊल टाकायचं नाही. पोरं बिघडू नयेत म्हणून आईबापांपासून तोडून रस्त्यापलीकडच्या बोर्डिंगात ठेवलेली. वसाहतीतल्या तानाबाईचा पोरगा धुळाप्पा तिथंच होता, चार वर्षांचा.

ही तानाबाई हजेरीच्या आधी तारेखालून सरपटत जायची आणि बोर्डिंगच्या भिंतीतल्या भगदाडातून पोराला भाकरी भरवायची. दादाने नेमकं तेच टिपलं. तिने तोंडावर पदर ओढला, तर यानेच सांगितलं, "बाई, तोंड झाकू नका. ते बघूनच साहेबाला पाझर फुटेल." त्याच्या शब्दावर तिने पदर मागे सारला.

थिएटर भाड्याने घेऊन दादाने साहेबलोकांना बोलावलं. मीही होते. पडद्यावर धुळाप्पा आईचं बोट चावून खुदकन हसला, तेव्हा बायकांनी डोळ्याला पदर लावले. वसाहतीचा साहेब मात्र म्हणाला, तेवढा भाग पुन्हा लावा. दादाला वाटलं, विरघळला. लई खुशीत त्याने पुन्हा लावला.

आठवड्याच्या आत तानाबाईवर खटला उभा राहिला. पुरावा एकच, दादाची फिल्म. साक्षीदारही एकच, दादा. कोर्टात भिंतीला चादर बांधून फिल्म दाखवली, तेव्हा पिंजऱ्यात उभी असलेली तानाबाई पोराला बघून हसली. चित्रातली बाई हीच का, असं विचारल्यावर दादा शपथेला जागला आणि हो म्हणाला. अरे, एकदा खोटं बोलला असतास तर काय आभाळ कोसळलं असतं? अजून मला त्याचा राग येतो. तिला सहा महिन्यांची सजा झाली.

कोर्टाने फिल्म परत दिली, त्याच दिवशी दादाने ती न्हाणीच्या चुलीत कोंबली. भस्सकन पेटली. बरं झालं, पीडा गेली, असं मलाही वाटलं.

पावसाळ्यात बोर्डिंगात तापाची साथ आली आणि धुळाप्पा गेला. तानाबाई सुटली ती वसाहतीत परत नेणाऱ्या शिपायाच्या पाया पडून आधी आमच्या दारात आली. मला वाटलं, आता तळतळाट देणार. तिने हात जोडले.

"वकीलसाहेब, त्याचं तोंड आठवंना झालंय मला. तुमच्या चित्रात त्यो हसतोय की. एकडाव दावा, मग जाते मी."

दादा आत वळला, तर तिला वाटलं यंत्र आणायला गेला. ओसरीवर आमच्या पांढऱ्या भिंतीकडे तोंड करून ती बसून राहिली.