रस्त्यात राहिलेले दगड

राहुरी तालुक्यात पोलीस अधिकारी म्हणून नेमणूक होती तेव्हाची एक सकाळ काही केल्या माझ्या डोक्यातून जात नाही. उसाचा हंगाम, थंडी, दाट धुकं. देवळाली प्रवराच्या रस्त्यावर मोटारसायकल आडवी पडलेली, दुधाचे कॅन लांब फेकलेले आणि डेअरीला निघालेला पस्तिशीचा माणूस जागीच गेलेला. रस्त्यात दोन मोठे दगड होते. हवालदारांनी पंचनामा केला, दगडांचे फोटो काढले आणि स्वतःच्या हयगयीने मृत्यू म्हणून मयतावरच गुन्हा नोंदवला. असं सर्रास होतं. मयत काही तक्रार करायला येत नाही.

मागे राहिली त्याची आई. नवरा आधीच वारलेला, मुलाचं लग्न झालेलं नव्हतं, घरात ती आणि दोन म्हशी. मुलगा आपल्याच चुकीने पडला असं कागदावर राहिलं असतं, तर तिला नुकसानभरपाई मिळालीच नसती. दुसऱ्या वाहनाची चूक निघाली तरच मोटार अपघात न्यायाधिकरणात दावा टिकणार होता. मला ते दगड खटकत होते. पंक्चर झालेल्या ट्रॉलीच्या चाकाला लोक दगड लावतात आणि काम झालं की तसेच टाकून निघून जातात, हे मी नोकरीभर पाहिलं होतं.

आदल्या दिवशी कुणाची ट्रॉली पंक्चर झाली होती, असं फाट्यावरच्या पंक्चरवाल्या चाचांना तीनदा विचारलं. तिन्ही वेळा ते टायरकडे बघून आठवत नाही म्हणाले. चौथ्यांदा मी नुसता चहा प्यायला बसलो, तेव्हा हळूच म्हणाले, म्हातारीच्या म्हशी रोज कोण पिळतं ते एकदा बघून या.

बघून आलो. शेजारच्या वस्तीवरचा एक ट्रॅक्टरवाला, तिच्या ना नात्याचा ना गोत्याचा. धारा काढून झाल्यावरही तो तासभर ओट्यावर बसून राहायचा. पोलिसाच्या डोक्याला विनाकारण केलेली माया पचत नाही. मी त्याला ठाण्यात बोलावलं.

आवाज चढवला नाही. खुर्ची दिली, पाणी दिलं. म्हशी का पिळतोस म्हटल्यावर तो शेजारधर्म म्हणाला. मी दगडांचा फोटो पुढे सरकवला. त्याने तो जवळ ओढून घेतला.

"दोनच कसे? चार हुते, सायेब."

बोलल्यावर त्याचं त्यालाच कळलं. मग सगळंच सांगितलं. आदल्या संध्याकाळी ट्रॉलीचं पंक्चर काढून झालं, साखर कारखान्याच्या वजनकाट्यावरचा नंबर जाईल म्हणून तो घाईने निघाला आणि दगड उचलायचे राहिले. उरलेले दोन धडकेने उडून रस्त्याशेजारच्या पाण्याच्या चारीत पडलेले सापडले. ट्रॅक्टरचा विमा चालू होता, म्हणजे बाईला भरपाई विमा कंपनीकडून मिळणार होती. मी खूश झालो, खोटं कशाला बोलू. तो जामिनावर सुटला त्या दिवशी सगळ्यांदेखत त्याला दम भरला, की ती बाई साक्षीदार आहे, तिच्या दारात पाऊल टाकलंस तर जामीन रद्द करायला लावीन. कायद्याने ते बरोबरच होतं.

त्याने कोर्टात गुन्हा कबूल केला, शिक्षा भोगली. दाव्याचा निकाल बाईच्या बाजूने लागला. तोवर मी निवृत्त झालो होतो. बायको गेलेली, मुलगा पुण्याला. नगरच्या फ्लॅटमध्ये संध्याकाळ सरता सरत नाही, म्हणून एक दिवस एसटी धरून म्हातारीला भेटायला गेलो.

गोठा रिकामा होता. तिने कोरा चहा पुढे ठेवला. हातात जोर राहिला नाही, म्हशी विकल्या म्हणाली.

"पैसं मिळालं, सायेब. तुमचं लई उपकार हायेत. पर त्यो यायचा बंद झाला."

मी म्हटलं, मावशी, तुमचा मुलगा त्याच्यामुळेच गेला.

"ठावं हाय. त्यानं दहाव्यालाच माझं पाय धरून सांगितलं हुतं."

मग आम्हाला का नाही सांगितलंत, असं मी विचारलं.

"सांगितलं असतं तर तुमी त्याला नेलं असतं. त्यो बसायचा तवा घरात मानसाचा आवाज तरी व्हायचा. आता कोन हाय?"

मी ज्या तपासावर इतकी वर्षं खूश होतो, तो या बाईने पहिल्या पंधरवड्यातच मिटवून टाकला होता.

मी तपास केला यात चूक झाली असं आजही म्हणणार नाही. तिला तिचा हक्क मिळायलाच हवा होता. पण या प्रकरणाने मला एक गोष्ट उशिरा शिकवली. मनाई करायला आम्ही जातो, मनाई संपली हे सांगायला कुणीच जात नाही. खटला संपून वर्ष उलटलं होतं आणि माझा दम अजून लागू होता.

तिथून उठून त्याच्या वस्तीवर गेलो. मला बघताच तो हात जोडून उभा राहिला. पुन्हा काही निघालं असं त्याला वाटलं असावं. मी म्हटलं, म्हातारी वाट बघते आहे.

जोडलेले हात तसेच ठेवून त्याने विचारलं, "म्हंजी आता गेलो तर चालंल का, सायेब?"

जा म्हणालो. तो आत जाऊन सदरा घालून आला आणि माझ्यासमोरूनच बांधाने तिच्या घराकडे निघाला. छत्तीस वर्षं मी लोकांना ठाण्यात या म्हणून सांगत आलो. कुणाला कुणाच्या घरी जा म्हणून सांगितल्याचं मला हे एवढंच आठवतं.