मंगळवारचा फोन

लेकीची बाळंतपणाची रजा संपली, म्हणून नात सांभाळायला मी अमरावतीहून आयर्लंडमधल्या ड्रोहेडाला आले. ऑगस्टचा शेवट होता. लेक तिथल्या दवाखान्यात डॉक्टर. जावई खेळाच्या मोसमात अमेरिकेत असणार, घरात मी अन् सात महिन्यांची नात दोघीच, असं ठरलं होतं. मी पोचले तर दार जावईबापूंनीच उघडलं! त्याच आठवड्यात संघानं त्यांना काढून टाकलं होतं. झालं, मला वाटलं, माझाच पायगुण.

जावई अमेरिकन. लेक शिकायला तिकडे गेली होती, तेव्हाचं हे प्रकरण. लग्नात मी सगळ्या नातेवाइकांना सांगून मोकळी झाले की ते फुटबॉल खेळतात, अन् आमच्या भाऊजींनी त्यांना "गोल किती मारले?" असं विचारूनही घेतलं. पण हा तो फुटबॉल नव्हे. यात चेंडू लांबुळका, तो पोटाशी धरून पळायचं, अन् डोक्याला शिरस्त्राण घातलेले रेड्यासारखे गडी अंगावर येतात. जावईबापूंची जागा फुलबॅकची. म्हणजे चेंडू मागच्याच्या हातात, अन् हे त्याच्या पुढे धावून, समोरून येणाऱ्याला धडकणार, वाट मोकळी करणार. आमचे हे एसटीत असेच शिरायचे. गाडी थांबली की कोपरं मारत पुढे घुसायचे, मागून मी पोरीला कडेवर घेऊन आरामात चढायची. जागा मला मिळायची, हे उभे. फुलबॅक म्हणजे काय ते मला असं कळलं, अन् मग त्या माणसाबद्दल माया वाटायला लागली.

आठ वर्षं त्यांनी हे काम केलं, चार संघांत. आता बरेच संघ हा गडी ठेवतच नाहीत, लेक म्हणाली. खेळ बदलला. ज्यांच्याकडे आहे त्यांच्याकडे एकच. वय एकतीस. आमच्याकडे एकतिसाव्या वर्षी पोरं नोकरीला लागतात, अन् इथे हा माणूस म्हातारा झाला म्हणे!

तर आम्ही दोघं दिवसभर घरात. माझं इंग्रजी भूगोलाच्या मास्तरणीचं, नकाशापुरतं. त्यांचं मराठी म्हणजे "आई", "चहा" अन् "बस". मी त्यांना अहो-जाहो करायची, त्यांना त्यातलं काही कळायचं नाही, पण जावयाला अरे-तुरे माझ्या तोंडून निघतच नाही. सकाळी ते बॉइन नदीच्या काठानं धावून यायचे. मग परसात एका हाताची बोटं जमिनीला टेकवून वाकायचे, अन् एकदम उसळून चार पावलं धावून भिंतीपाशी थांबायचे. भिंत फार जवळ होती. पुन्हा मागे, पुन्हा चार पावलं. मी खिडकीतून बघत राहायची.

फोन मात्र सतत जवळ. आंघोळीला गेले तरी दाराबाहेर स्टुलावर. त्यातल्या त्यात मंगळवारी तर हातातून सुटत नसे. लेकीला विचारलं तर म्हणाली, "संघवाले मंगळवारी बोलावतात गं. आला फोन तर मंगळवारीच येणार."

मंगळवार! मला तर देवानंच खूण केल्यासारखं वाटलं. मी गणपतीला बोलून बसले, जावईबापूंना फोन येईपर्यंत मंगळवार धरीन. लेक हसली. "आई, गणपतीला नियम तरी माहीत आहेत का या खेळाचे?" म्हटलं, तू तुझी औषधं दे, मला माझं करू दे. साबुदाणा मी येताना आणलाच होता. जावईबापूंना उपासाची खिचडी इतकी आवडली की अर्धं पातेलं तेच संपवायचे, वर कोंबडीचे तुकडे. मंगळवार हा आमच्याकडे खिचडीचा वार असतो अशीच त्यांची समजूत होती.

असे पाच मंगळवार गेले. फोन आला तो एकदा दातांच्या दवाखान्याचा, अन् एकदा कुणा वीज विकणाऱ्याचा. दोन्ही वेळा ते ताडकन उभे राहिले, अन् दोन्ही वेळा हळूच बसले. माझा जीव तीळतीळ तुटायचा. करणार काय? जास्तीचं तूप वाढायची.

सहाव्या मंगळवारी लेक दुपारीच घरी आली. ते पोरीला बाबागाडीत घालून बाहेर गेले होते. मी कूट करता करता सहज म्हटलं, "मंगळवारच काहून गं? बुधवारी काय होते?"

ती प्रेसमधून बशी काढत होती. इथे राहून ती कपाटाला प्रेसच म्हणते. पाठ माझ्याकडे ठेवूनच म्हणाली, "रविवारी मॅच असते. सोमवारी ज्याला लागलं त्याचा एमआरआय. मंगळवारी कळतं, कोण कामातून गेलं. जागा रिकामी झाल्याशिवाय फोन कसा येईल, आई?"

म्हणजे मी सहा आठवडे उपाशीपोटी देवाला काय मागत होते? कुणाच्या तरी पोराचा पाय मोड, असं? अग आई गं!

"अन् तू मला आत्ता सांगतेस?"

"तू विचारलंस का? अन् खरं सांगू का, तो फोन येऊच नये असं मला वाटतं." मग तिनं सांगितलं. दोन वर्षांपूर्वी एका धडकेत त्यांच्या मानेला झटका बसला होता. तेव्हापासून डाव्या हातात अधूनमधून वीज उतरल्यासारखं होतं, मग हात बधिर पडतो. संघाच्या डॉक्टरांनी पास केलं होतं. आता बरं आहे, असं ते तिला सांगत होते. "मी नको म्हटलं तर तो जाणार नाही. पण मग जन्मभर त्या भिंतीकडे बघत बसेल. म्हणून मी बोलत नाही."

म्हणजे लेकीला नको होतं, जावयाला हवं होतं, अन् मी मध्ये नवस बोलून बसलेले. मोडावा तर जावयाचं वाटोळं, पाळावा तर लेकीचं, वर कुणाच्या तरी पोराचा पाय. मोठ्या तोऱ्यात म्हटलं होतं ना, मला माझं करू दे! घे आता.

त्या रविवारी संध्याकाळी लॅपटॉपवर मॅच लावली होती. जावईबापूंनी मला बघायला शिकवलं होतं. मी चेंडूकडे बघायला लागले की ते बोटानं पडद्यावर टकटक करायचे, "आई, नॉट द बॉल. वॉच हिम." मग मी त्यांच्यासारखा पुढे धावणारा गडी शोधायची. त्या दिवशीचा पोरगा चांगला होता, बुटका, मांजराच्या चपळाईचा. तो धडकला, वर दोघं-तिघं पडले, सगळे उठले, तो उठला नाही. पाय नको तिकडे वळला होता. छोटी गाडी मैदानात आली. त्याला तिच्यावर चढवलं तेव्हा त्या पोट्ट्यानं लोकांना अंगठा दाखवला.

अन् माझ्या मनात पहिल्यांदा काय आलं ते मी लिहिणार आहे, लपवून उपयोग काय. माझ्या मनात आलं, आता येतो फोन!

जावईबापू "ओह, नो" म्हणाले. खरंच वाईट वाटून म्हणाले. मग खिशातला फोन काढून त्यांनी टेबलावर उताणा ठेवला. लेकीनं ते पाहिलं, अन् पोरीला उचलून ती दुसऱ्या खोलीत गेली. आम्ही सासू-जावई एकमेकांकडे न बघता बसून राहिलो.

मंगळवारी मी उपास केला. का केला ते देवाला माहीत. सोडायचा धीर झाला नाही, एवढंच. दुपारी चारला खिचडी वाढत होते अन् फोन वाजला. जावईबापू ताठ उभे राहिले. "येस, सर." थांबले. "येस, सर." पुन्हा एकदा तेच. फोन ठेवला अन् मला एका हातानं जमिनीवरून उचललं की हो! मी ओरडले, "अहो, ठेवा खाली, झारा आहे हातात!" ते हसत होते, डोळ्यांत पाणी होतं, अन् मला मेलीला आनंद झाला. झाला तो झाला.

लेक ड्यूटीवरून आली. त्यांनी सांगितलं. ती म्हणाली, "ग्रँड." या देशात चहा बरा झाला तरी ग्रँड, अन् घर जळालं तरी ग्रँड. तिनं त्यांच्या गळ्यात हात टाकले, अन् त्यांच्या खांद्यावरून माझ्याकडे बघितलं. ती नजर मला अजून सोसत नाही.

बुधवारी पहाटेच विमान. लेक गाडी काढायला बाहेर गेली होती. मी त्यांच्या तळहातावर दही घालायला वाटी घेऊन आले, तर जावईबापू जमिनीवर बसून बॅगेची चेन लावत होते. डाव्या हाताच्या बोटांत ती धरली जातच नव्हती. सुटायची, पुन्हा धरायचे, पुन्हा सुटायची. मला बघितल्यावर थांबले. एवढा मोठा पहाडासारखा माणूस, शाळेत पाटी फुटलेल्या पोरासारखा माझ्याकडे बघत होता. मग दारापलीकडे लेक होती तिकडे मान करून त्यांनी ओठांवर बोट ठेवलं. "आई," म्हणाले, "बस." त्यांना येणाऱ्या तीन शब्दांतले दोन.

मी खाली बसले अन् चेन लावून दिली. उजव्या तळव्यावर दही घातलं. त्यांनी वाकून नमस्कार केला. मी "सुखरूप या" म्हटलं. आणि लेकीला काही सांगितलं नाही. त्या वेळी बाहेर हाक मारली असती तर? मारली नाही.

पुढच्या रविवारी ते मैदानात दिसले. मी चेंडूकडे एकदाही बघितलं नाही. चौथ्या-पाचव्या वेळी ते एका गड्याला डोकं खाली घालून असे धडकले की मी पदर तोंडात कोंबला. उठले. डावा हात लोंबत होता. त्यांनी तो झटकला, एकदा, दोनदा. तेवढ्यात कॅमेरा चेंडूमागे पळाला. पुढच्या वेळी ते पुन्हा उभे होते. लेक म्हणाली, "हात झटकला का गं त्यानं?" मी म्हटलं, "मला नाही दिसलं."

मग माझ्या डोक्यात एक आलं, ते जाईना. कुठल्या तरी गावात दुसरा एक फुलबॅक टेबलावर फोन उताणा ठेवून बसला असणार. त्याचीही कुणी आई असेल, सासू असेल, ती त्याच्या फोनसाठी देवाला हात जोडत असेल. तिला काय ठाऊक, ती काय मागतेय. मला तरी कुठे ठाऊक होतं?

मंगळवार उजाडला. फोन आला होता, नवस फिटला होता, आता मला उपास करायचं कारण नव्हतं. तरी साबुदाणा भिजवला. लेक आवरून खाली आली, दवाखान्यात जायची वेळ झालेली. मी तिच्यापुढे टोस्ट ठेवला. तिनं बशी बाजूला सरकवली.

"मला पण खिचडीच दे," ती म्हणाली. "मी पण धरलाय आजपासून."

गणपतीला नियम माहीत आहेत का, असं विचारून हसणारी माझी डॉक्टर लेक. मी तिला कशासाठी विचारलं नाही, तिनंही मला नाही. तिनं पर्समधून स्वतःचा फोन काढला, टेबलावर उताणा ठेवला, अन् आम्ही दोघी तिकडून काही कळवायला तो वाजू नये म्हणून त्याच्याकडे बघत बसलो. बॅगेच्या चेनचं तेव्हा तरी तिला सांगायला हवं होतं. मी तिला खिचडी वाढली.