गुलाबकाकांचं खोबरेल

शेजारच्या गुलाबकाकांनी त्या दिवशी उठवलं नसतं, तर मी सुरतेला आलेच नसते. आज थंडीनं गोठलेलं खोबरेल तळहातावर चोळलं आणि त्या वासासरशी त्यांची अकोल्यातली खोली समोर आली. काका जुन्या पौराणिक सिनेमांत राक्षस व्हायचे. ते सिनेमे कधीच थांबले होते, तरी रोज संध्याकाळी रंग उतरवावा तसं ते तोंडाला खोबरेल चोळत.

माझी शाळा नववीत सुटलेली. इथं शिवणकाम मिळालं होतं, पण निघायच्या दिवशी मी भेदरून त्यांच्या उंबऱ्यात बसले.

"काहून रडून राहिली वं? मी हरेक पिक्चरात मेलो. पडूनच राहिलो असतो तं दुसरा पिक्चर कोणं देला असता? ऊठ!"

मला हसू आलं. "घरच्यायनं पायलं का तुमचं मरण?"

"कोणीच नाही. अपशकुन म्हणून माय सगळ्यायले घेऊन आधीच थेटरातून उठून जाये. अन् मले तं मरणंच चांगलं जमे."

तेव्हा ती गंमत वाटली. आता एकटीनं जेवताना त्यातला एकटेपणा कळतो. काका नव्वदीत आहेत, एकटेच. गावाकडचा फोन आला की मी आधी त्यांचीच खुशाली विचारते.

थांबा, काका. मी येईन, तुमचा सिनेमा लावीन आणि शेवट होईस्तोवर तुमच्याजवळून उठणार नाही.