मोटुएकाच्या उन्हात तेवीस बरण्या

"मम्मा, केनची आई घरी लिकर बनवते. आजीला सांगशील ना, प्लीज?" सईने वेलिंग्टनहून फोनवर विचारलं तेव्हा मी फार्मसीतून नुकतीच घरी आले होते. मी "हो, सांगते" म्हणाले. या सहलीत पुढे जे काही झालं ते त्या "हो"मुळे झालं, हे आधीच कबूल करून टाकते.

आम्ही हॅमिल्टनला, रोटोटुनात राहतो. सई, आमची मुलगी, वेलिंग्टनला नोकरी करते आणि दोन वर्षांपासून केनबरोबर आहे. केनचे वडील ग्रॅहम इथलेच, आई मिचिको जपानची. साउथ आयलंडवर मोटुएकाजवळ त्यांची छोटीशी बाग आहे. माझी आई तीन महिन्यांसाठी पुण्याहून आली होती. जानेवारीत ती परत जायच्या आत तिने केनचं घर बघावं आणि मनापासून होकार द्यावा, एवढीच सईची इच्छा होती. आजी हसतमुखाने हो म्हणाली तरच लग्नाची तारीख धरायची, असं तिने केनला सांगून ठेवलं होतं.

अडचण एकच. आमच्या आईला दारूचं नाव काढलेलं चालत नाही. मोठ्या मामाच्या संसाराचं दारूपायी वाटोळं झालं, ते तिने डोळ्यांनी पाहिलं. माझ्या लग्नाच्या वेळी साताऱ्याचं उत्तम स्थळ तिने परत पाठवलं, कारण होणाऱ्या सासऱ्यांच्या कपाटात बाटली दिसली. अशा बाईला सांगायचं होतं की तुझ्या नातीची सासू दरवर्षी स्वतःच्या हाताने घरी दारू घालते. तिला उमेशू म्हणतात. 'उमे' नावाचं हिरवं आंबट फळ, खडीसाखर आणि कडक दारू. फळ दिसतं जर्दाळूसारखं, चवीला कैरीहून जहाल, आणि कच्चं खायचं नसतं, पोटाला बाधतं.

हॅमिल्टन ते वेलिंग्टन साडेसहा-सात तासांचा रस्ता आहे. नवऱ्याला हॉस्पिटलमधून सुट्टी मिळाली नाही, म्हणून गाडीत आम्ही दोघीच. म्हटलं, टाउपोपर्यंत सांगू. टाउपोला तळ्याकाठी बाकावर बसून थालीपीठ आणि शेंगदाण्याची चटणी खाल्ली. आई इतकी खुशीत होती की म्हटलं, डेझर्ट रोडवर सांगू. (जाणाऱ्यांनी टाउपोतच पेट्रोल भरून घ्या, पुढे बराच वेळ नुसतं पिवळं गवत आणि वारा.) तिथे डोंगरावर डिसेंबरातही बर्फ दिसला आणि आई बघतच राहिली. मग वेलिंग्टन आलं, सई गाडीत बसली, तिने आरशातून माझ्याकडे पाहून भुवया उंचावल्या आणि मी नजर चुकवली.

दुसऱ्या दिवशी सकाळची साउथ आयलंडला जाणारी फेरीबोट. डिसेंबरात गाडीसकट तिकीट काढायचं तर महिनाभर आधी काढा, नाहीतर भाडं ऐकून घेरी येईल. साडेतीन तासांतला शेवटचा तास डेकवरच उभं राहा. बोट दोन डोंगरांमधून अशी आत शिरते की काठावरच्या घरातली बाई कपडे वाळत घालताना दिसते. पिक्टनला उतरून नेल्सनपर्यंत दोन तास वळणावळणाचा घाट. आवळासुपारी जवळ ठेवावी. नेल्सनच्या पुढे पाऊण तासात मोटुएका, आणि तिथल्या एका फळबागेत ताज्या बेरी घालून समोर फिरवून दिलेलं आइस्क्रीम खाल्लं, त्याची चव अजून जिभेवर आहे.

मिचिको दारातच उभी होती, मागे केन; तो आमच्या आधीच येऊन पोचला होता. साठीची, बारीक, पायात जँडल्स म्हणजे इकडच्या रबरी चपला, कमरेत वाकून तिने आईला नमस्कार केला. आईनेही हात जोडले. दोघींना एकमेकींची भाषा येत नाही. आईला इंग्रजी वाचता येतं, पण इकडचे उच्चार तिच्या डोक्यावरून जातात. तरी पहिल्या अर्ध्या तासात दोघी मिळून मटार सोलत बसल्या होत्या. मला हायसं वाटलं.

मग मिचिकोने कोठीची खोली उघडली. अंधारी, थंड. भिंतीला फळ्या आणि फळ्यांवर लाल झाकणांच्या काचेच्या बरण्या, ओळीने तेवीस. पुढच्या बरण्यांतलं पाणी फिक्या मधासारखं, मागे मागे गडद होत जवळपास कॉफीच्या रंगाचं, आणि तळाशी सुरकुतलेली फळं. प्रत्येकीवर पांढरी पट्टी, तिच्यावर साल आणि जपानीत एक ओळ. मिचिको वाचून दाखवत होती, मी आईला सांगत होते. या वर्षी गारा पडल्या, फळ कमी. या वर्षी केन शाळेत गेला. या वर्षी नवीन छप्पर. एका बरणीजवळ ती थांबली. त्या वर्षी विमानं बंद होती आणि जपानमध्ये तिची आई गेली. तिच्या गावी पावसाळ्याच्या तोंडाला घरोघरी बायका हे काम करतात, तीही आईकडूनच शिकली. इथे ऋतू उलटे, म्हणून ती ख्रिसमसच्या आधी घालते. सगळ्यात मागची, सगळ्यात मोठी बरणी केनच्या जन्मसालची होती. ती एकदाही उघडलेली नव्हती. ती केनच्या लग्नाच्या दिवशी उघडायची.

"हे काय आहे गं?" आईने मला विचारलं.

सई आणि केन बाहेर गाडीतलं सामान काढत होते. मी म्हणाले, "मुरांबा आहे, आई. आपल्यासारखाच."

एक सांगते, फार्मसीत मी रोज लोकांना सांगते की अर्धी माहिती आजारापेक्षा वाईट. पण बोलून गेले. आईने बरण्यांकडे पुन्हा एकदा पाहिलं आणि कपाळाला आठ्या घातल्या.

तिसऱ्या दिवशी सकाळी आम्ही सगळे काइटेरिटेरीला गेलो. सोनेरी वाळू, हिरवंगार पाणी; टॉग्ज (पोहण्याचे कपडे) आणि सनस्क्रीन विसरू नका, इथलं ऊन तासाभरात चामडी सोलतं. संध्याकाळी थांबलात तर सँडफ्लाइज नावाच्या बारीक माश्या चावून चावून खातील. आईचे गुडघे दुखत होते म्हणून ती घरी राहिली. ग्रॅहम बागेत आहेच, काळजी नको, असं मिचिको म्हणाली. ग्रॅहम दिवसभर ट्रॅक्टरवर असतो हे ती सांगायची विसरली.

एक वाजता परत आलो. गाडीतून उतरले आणि अंगणाकडे पाहिलं.

अंगणातल्या लाकडी डेकवर, टळटळीत उन्हात, तेवीस बरण्या मांडलेल्या होत्या. ओळीत, पट्टी पुढे करून. एकीवरही झाकण नव्हतं. प्रत्येकीच्या तोंडाला आईच्या पांढऱ्या सुती साडीचा तुकडा, वर दोरा घट्ट बांधलेला, घरी बरणीला दादरा बांधतात अगदी तसा. प्रत्येक झाकण धुऊन पुसून आपापल्या बरणीच्या पुढ्यात ठेवलेलं. शेजारी खुर्ची, खुर्चीवर आई, मांडीवर पळी आणि फडकं. भर दुपारी दारूचा गोड वास गाडीपर्यंत दरवळत होता.

आईचा चेहरा दमलेला आणि समाधानी होता.

"बिचारीचे सगळे आंबलेत गं," ती मला हळूच म्हणाली. "अंधारात कोंडून ठेवलेत, उन्हाचं नाव नाही. गुडघे धरत एकेक बरणी बाहेर आणली. एकेक चमचा जिभेला लावून पाहिला, नुसती दारू झाली आहे. चार दिवस ऊन दाखवलं तर वाचतील थोडे. विहीणबाईंना बोलू नकोस, वाईट वाटेल."

मी त्या मागच्या मोठ्या बरणीकडे पाहिलं. तिच्यावरही दादरा होता.

मिचिको तोंडावर हात ठेवून उभी राहिली. मग ओळीच्या एका टोकापासून चालत निघाली, एकेका कापडाला हात लावत, शेवटच्या बरणीपर्यंत. तिथे गुडघ्यांवर बसली आणि तशीच बसून राहिली. केनने तिच्या खांद्यावर हात ठेवला, तो तिने हलकेच बाजूला केला. सई माझ्याकडे वळली.

"What did you tell her, Mumma?"

मला तेव्हा जेवढी लाज वाटली तेवढी आयुष्यात कधी वाटली नाही. सत्तावीस वर्षं जपलेली बरणी, आणि ती उघडली माझ्या एका शब्दाने. जुळत आलेलं सगळं विस्कटलं असंच मी धरून चालले. उन्हात उभी राहून आईला सगळं सांगितलं. हे आंबलेलं नाही, दारूच आहे, मुद्दाम केलेली आहे, मला आधीपासून माहीत होतं.

आईने पळी खाली ठेवली. ती संतापेल, सामान बांधायला सांगेल, असं वाटलं होतं. तिने फक्त विचारलं, "म्हणजे मी त्यांचं नुकसान केलं?" आणि उठून खोलीत गेली. दार लावून घेतलं.

आम्ही बरण्या आत नेल्या. ग्रॅहम ट्रॅक्टर लावून आला, डोकं खाजवलं आणि म्हणाला की तीन-चार तासांच्या उन्हाने फारसं काही बिघडत नाही, थोडी दारू उडाली असेल, एवढंच.

पाचच्या सुमारास आई बाहेर आली. ठेवणीतली निळी साडी नेसली होती. सरळ मिचिकोपुढे जाऊन तिने हात जोडले आणि शाळेत धडा म्हणावा तसं एकेक शब्द जुळवून इंग्रजीत सांगितलं की मला वाटलं तुमची वस्तू खराब झाली आहे, मी वाचवायला गेले, माझी चूक झाली.

मिचिकोने तिचे हात धरले. मग ती जे म्हणाली ते सईने आजीला मराठीत सांगितलं, आणि सईच्या तोडक्यामोडक्या मराठीतून ते मला जास्तच लागलं. मिचिकोची आई उमे मिठात मुरवायची आणि उन्हाळ्यात तीन दिवस अंगणात वाळत घालायची, सुपं मांडून. माश्या बसू नयेत म्हणून वर पांढरं कापड. शेजारी खुर्ची टाकून दिवसभर राखण करत बसायची.

"आजी, ती म्हणते, गाडीतून उतरली तेव्हा तिला वाटलं, तिची आई आली आहे."

आईचे डोळे भरले. माझं तर विचारूच नका.

मोठी बरणी उघडलीच होती, आता बंद करण्यात अर्थ नाही, असं मिचिकोने ठरवलं. जेवताना तिने छोट्या पेल्यांत सगळ्यांना थोडी थोडी दिली. आईने पेला हाताने दूर सारला, पाण्याचं भांडं पुढे ओढलं, आणि बसून राहिली. ज्या टेबलावर दारू आहे त्या टेबलावर माझी आई बसलेली मी जन्मात पहिल्यांदा पाहत होते. मी घोटभर घेतली. आधी गोड, मग आंबट, आणि खाली उतरताना बदामासारखी चव. आई माझ्याकडे बघत नव्हती.

मग ती उठली, ओट्यावरच्या डब्यातली खडीसाखर मूठभर घेऊन आली. उमेशूसाठी आणलेलीच. एक खडा केनच्या हातावर ठेवला, एक सईच्या, एक मिचिकोच्या, एक ग्रॅहमच्या.

"साखरपुडा झाला," ती सईला म्हणाली. "सांग त्यांना."

ग्रॅहम खडा तोंडात टाकून "Sweet as" म्हणाला, म्हणजे इकडच्या बोलीत "मस्तच". त्याला काय झालं ते बहुधा सकाळी कळलं असेल.

चौथ्या दिवशी नवीन बरणी घातली. केनने झाडावरून हिरवी फळं काढली, आई आणि मिचिकोने एकेक धुऊन, कोरडं करून, टूथपिकने देठाचा काळा ठिपका काढला. फळांचा थर, खडीसाखरेचा थर, पुन्हा फळं. दारू ओतायची वेळ आली तेव्हा आई उठून बाहेर गेली आणि झाकण लागल्यावर परत आली. मिचिकोने ती बरणी आईलाच दिली. वर्षभर अंधारात ठेवायची, पट्टीवर साल आणि त्या वर्षाबद्दल एक ओळ लिहायची, असं समजावून सांगितलं. आईने मान डोलावली, पट्टी आणि पेन पिशवीत टाकलं.

परतीच्या प्रवासात आई माझ्याशी बोलली नाही. फेरीवर सईशी गप्पा मारल्या. वेलिंग्टनला सई उतरल्यावर मात्र गाडीत चिडीचूप. बरणी तिच्या मांडीवर, टॉवेलात गुंडाळलेली. डेझर्ट रोडवर अर्ध्या वाटेत ती एकदाच म्हणाली, "चाललं असतं की नसतं, ते मी ठरवलं असतं. तू मला ठरवूच दिलं नाहीस." पुढे हॅमिल्टनपर्यंत मी नुसती गाडी चालवत राहिले.

जानेवारीत आई पुण्याला गेली. विमानतळावर तिने मला जवळ घेतलं, पाठीवरून हात फिरवला, केन-सईच्या लग्नाला येताना कुठल्या साड्या आणू ते विचारलं. म्हटलं, चला, विसरली.

परवा पाहुणे आले म्हणून टॉवेल काढायला चादरींचं कपाट उघडलं. सगळ्यात खालच्या कप्प्यात, मागे, अंधारात ती बरणी होती. खडीसाखर विरघळून गेली आहे आणि फळं वर तरंगताहेत. पट्टी दिसली तशी मी खाली बसले. वाटलं, सईसाठी काहीतरी लिहिलं असेल, आशीर्वाद वगैरे. आईच्या ठसठशीत अक्षरात वर साल होतं आणि खाली एकच ओळ.

'हा मुरांबा नाही.'