मालिकेतलं लग्न आणि आईचा डावा डोळा

वर्षभरात घरात पाहिलेल्या सिनेमांची आणि मालिकांची यादी मी ठेवते. फ्रिजच्या दारावर असते, किराण्याच्या यादीशेजारी. आई ग्वाल्हेरहून आमच्याकडे अवधपुरीत कायमची राहायला आली, त्या वर्षीची यादी छोटी आहे. सिनेमे मोजकेच आणि मालिका एकच, कारण संध्याकाळचा टीव्ही आईचा असे.

आईच्या दोन्ही डोळ्यांत मोतीबिंदू होते. अरेरा कॉलोनीतले डॉक्टर म्हणाले, डावा आधी करू, आणि फार थांबू नका, डोळा हातचा जाईल. मी तारीख घेतली, रजा टाकली, गाडीचं ठरवलं. आई म्हणाली, "त्यांचं लग्न होऊ दे, मग बघू."

त्यांचं म्हणजे मालिकेतल्या दोघांचं. आधी नायकाला अपघात झाला, मग पत्रिका जुळेना, मग नायिकेची स्मृती गेली. दर वेळी मी तारीख पुढे ढकलली. शेवटी दवाखान्यातल्या रिसेप्शनवरच्या मुलीने विचारलं, "आंटी, घर में शादी है क्या?" मी हो म्हणाले.

"तुला नीट दिसतंय ना?" मी आईला अधूनमधून विचारायची.

"तुझ्या कपाळावरची आठीसुद्धा दिसते."

माझ्या कपाळावर आठी कायमच असते, त्यामुळे यावरून काही सिद्ध होत नव्हतं.

एकदाचा लग्नाचा महाएपिसोड जाहीर झाला. जाहिरातीत नायक-नायिकेने हात जोडून 'सहकुटुंब यायचं हं' असं सांगितलं. आईने ते मनावर घेतलं. रविवारी ती जांभळी रेशमी साडी नेसून बसली आणि माझ्या नवऱ्याला म्हणाली, "जावईबापू, बनियनवर लग्नाला येतात का?" ते शर्ट घालून आले. कॉलेजात जाणाऱ्या माझ्या मुलीने वाटीत अक्षता भिजवल्या. मंगलाष्टकं सुरू झाली तशी आई उभी राहिली, म्हणून आम्हीही उभे राहिलो. प्रत्येक 'सावधान'ला चौघांनी टीव्हीवर अक्षता टाकल्या.

अंतरपाट दूर झाला. पलीकडे नायिका नव्हती. तिच्या जागी तिची दुष्ट मावसबहीण नटूनथटून उभी होती. ढगांचा गडगडाट झाला, नायकाचा चेहरा तीन बाजूंनी दाखवला. माझ्या मुलीचा हात हवेतच थांबला.

आई मात्र अक्षता टाकतच होती. "सुखी राहा गं पोरी. फार सोसलंस. किती गोड दिसतेय!"

"आजी, किसको आशीर्वाद दे रही हो?" मुलगी म्हणाली. "दुल्हन बदल दी उन्होंने. ती मावसबहीण आहे!"

आई टीव्हीजवळ गेली. नाक काचेला टेकेल इतकी जवळ. बराच वेळ पाहिलं.

"मग ही बोलली का नाही?" ती म्हणाली. "बोलली असती तर मला कळलं असतं."

हे खाली वाकून गालिच्यावरचे तांदूळ वेचू लागले. आईने मुठीतल्या उरलेल्या अक्षता वाटीत परत टाकल्या, खुर्चीत बसली आणि पदर सारखा केला.

"उद्या फोन कर त्या डॉक्टरांना. लग्न मोडलं म्हणून सांग."

मी फोन केला. रिसेप्शनवरच्या मुलीला फार वाईट वाटलं.

ऑपरेशन व्यवस्थित झालं. टीव्ही बघायची परवानगी मिळाली त्या संध्याकाळी आई काळा चष्मा लावून बसली. मग म्हणाली, "अगं, ही सासू तर सुनेपेक्षा लहान आहे!" नायकाकडेही निरखून पाहिलं. "आणि याचं लग्नाचं वय केव्हाच उलटलंय." मग तिची नजर माझ्याकडे वळली, म्हणून मी चहा ठेवायला उठले.

उजव्या डोळ्याची तारीख तिने स्वतःच फोन करून घेतली. त्या आठवड्यात मालिकेत बारसं होतं. मी आठवण करून दिली.

"आपल्याशिवाय होईल," आई म्हणाली.